मोटारीच्या पेटीत कोकमतेल

"ताक! माझ्या मोटारीत ताक कुणी ओतलं?"

बाबा मोटारीखाली उताणे पडून ओरडत होते, आणि बाबांचं ओरडणं म्हणजे काय सांगू... मांडवीच्या बंदरात पावसाळ्यासाठी शाकारून ठेवलेली गलबतं त्या आवाजानं वाळूत हातभर सरकली, किल्ल्यावरचे कावळे उठले ते थेट मिऱ्याच्या डोंगरावर जाऊन बसले, आणि आमच्या मांजरीनं तर त्या दिवसापासून दुधाला म्हणून तोंड लावलं नाही. झापांच्या मांडवाखाली उभ्या असलेल्या मोटारीच्या पोटातून बाबांचे दोन पाय तेवढे बाहेर आलेले दिसत होते. खाली कणीक मळायची परात, आणि परातीत ठिबकत होतं ते खरोखरच ताकासारखं – पांढुरकं, फेसाळ, दाट.

"ताक करायला घरात दूध आहे कुठं?" आई ओटीवरून म्हणाली. "आणि ती परात कुणाला विचारून नेलीत?"

आमची मोटार ही त्या काळी रत्नागिरीतली एक अद्भुत वस्तू होती. तिचा कापडी टप वाऱ्यात शिडासारखा फुगायचा, रबरी फुग्याचा भोंगा वाजला की म्हशी आटायच्या, आणि तिच्या गाद्यांना उन्हात तापलेल्या चामड्याचा, पेट्रोलचा आणि पाट्या भरभरून आंबे नेलेले असल्यामुळे पिकल्या हापूसचा असा एक मिश्र, किंचित गुंगी आणणारा वास असायचा. मुंबईच्या कुणा पारशाची ही जुनी गाडी बाबांनी घेतली आणि भाड्यानं चालवायला लागले. भाडं म्हणजे बहुधा वकील, वऱ्हाडं आणि आजारी माणसं. बाबा स्वतःच चालक, स्वतःच कारागीर. इंजिन समजतं असं ते म्हणत. पण त्यांचा खरा जीव होता तो पायाखालच्या गिअरपेटीत. "इंजिन म्हणजे तोंड," ते सांगायचे, "बडबड करणारच. संसार करते ती पेटी." त्या लोखंडी पेटीत दात्यांची चाकं दाट, काळ्या-हिरव्या तेलात बुडून फिरायची. ते तेल डब्यांतून मुंबईहून आगबोटीनं यायचं.

आणि आगबोट बंद होती. आषाढ होता. दर्या खवळलेला, बंदर मिटलेलं, नारळी पौर्णिमेपर्यंत मुंबईहून सुई यायची नाही. आदल्याच आठवड्यात हातखंब्याजवळच्या एका पऱ्याला पूर आला असताना बाबांनी मोटार तशीच पाण्यात घातली होती. (पाणी पायफळीपर्यंत होतं, बाबा सांगताना ते छातीपर्यंत नेत, आणि मी सांगताना टपावरून मासे गेल्याचं सांगते.) ते पाणी पेटीत शिरलं, तेलात घुसळलं गेलं, आणि झालं त्याचं ताक.

एरवी बाबांनी मोटार तशीच पौर्णिमेपर्यंत उभी ठेवली असती. पण त्या सकाळी चिपळूणहून तार आली होती.

माझी थोरली बहीण आक्का चिपळूणला दिली होती. पहिलं बाळंतपण माहेरचं. आई बाजेची सुंभं आवळून, ओवा-शेपा निवडून तयार होती. पण दिवस भरायच्या आतच आक्का तिकडं बाळंत झाली. मुलगी झाली, आनंद झाला... आणि मग ताप आला तो उतरेना. तिथल्या डॉक्टरांनी रत्नागिरीच्या मोठ्या दवाखान्यात न्यायला सांगितलं होतं. बैलगाडीतून तिला आणणं म्हणजे तिची हाडं खिळखिळी करणं. मोटार हवी होती, आणि मोटारीच्या पेटीत ताक होतं.

मग आमच्या ओटीवर तेलांचं स्वयंवर मांडलं गेलं.

वाट्या ओळीनं लागल्या. खोबरेल, तिळेल, दिव्यात जाळायचं उंडीचं तेल... आणि परीक्षक माझा मामा. मामा पूर्णगडचा तांडेल, गलबताचा म्होरक्या. पावसाळ्यात त्याला दर्या नाही म्हणून आमच्याकडं येऊन राहायचा आणि आमच्या अंगणालाच दर्या समजून हुकूम सोडायचा. मामानं प्रत्येक तेलात बोट बुडवलं, अंगठ्यावर चोळलं, हुंगलं, आणि – देवाशपथ – चाखलं.

"खोबरेल पाण्यासारखं. तिळेल खायला बरं. उंडीचं कडू जहर," मामानं निकाल दिला. "भाऊजी, ऐका माझं. मोरीचं तेल घाला. मोरी माशाच्या काळजाचं. गलबताच्या फळ्या बापजाद्यांपासून त्यावर टिकल्यात."

"फळी लाकडाची असते, तांडेल."

"मग लोखंड काय सोवळ्यातलं लागून गेलं?"

आणि मामानं आपली मोरीच्या तेलाची बुधली उघडली. त्या वासाचं वर्णन करण्याइतकी मराठी भाषा अजून वाढलेली नाही. खालच्या आळीतली, वरच्या आळीतली, कदाचित मिरजोळ्याचीसुद्धा मांजरं आमच्या गडग्यावर येऊन बसली. पण तेल मात्र खरोखर उत्तम होतं. बोटावरून सुटता सुटेना, लांब तार धरून खाली उतरत होतं. बाबा बराच वेळ त्या तारेकडं बघत राहिले. मग त्यांनी बुधलीचं बूच लावलं.

"नाय. पोरीला तापात ह्या वासात बसवून आणू? अर्ध्या वाटेत आतडी बाहेर येतील तिची. फळ्यांच्या फटींतून सगळा वास वर येतो."

तेव्हा आई उठली, आणि माजघरातून टोपलीभर कोकमतेल घेऊन आली.

रातांब्याच्या बिया कुटून, पाण्यात उकळून, वर आलेली साय निवली की आई तिचे मुठीनं गोळे वळायची. पांढरट, गुळगुळीत, खडूसारखे कोरडे. वास जवळजवळ नाहीच, असलाच तर निवलेल्या चुलीचा. पावसाळ्यात चिखल्या झाल्या, टाचा फुटल्या की गोळा विस्तवावर धरायचा आणि टपटप ठिबकवायचा. आक्काच्या टाचा लहानपणापासून फार फुटायच्या. पहिला गोळा नेहमी तिच्या नावाचा असे.

"ह्याला वास नाही," आई म्हणाली. "आणि एकदा बसलं की जागचं हलत नाही."

बाबांनी गोळा वितळवून बघितला. दाट, सोनेरी, सायीसारखं. त्यांचा चेहरा असा उजळला की सांगता सोय नाही. मामानं "बघा हो..." एवढंच म्हटलं. आईनं मोठ्या पातेल्यात तेल कढवलं, बाबांनी पेटी रॉकेलनं धुतली, खालचा मळसूत्री खिळा आवळला आणि ते गरम तेल वरून ओतलं, देवाला अभिषेक करावा तसं, धार न मोडता.

मला बरोबर घेतलं, कारण येताना बाळ मांडीवर घ्यायला कुणीतरी हवं होतं. आई मागं राहिली, खोली शेकायला.

ती मोटार अशी गेली! निवळीचा घाट तिनं म्हशीच्या पाठीवरून बगळा उडावा तसा पार केला. गिअर बदलताना एरवी होणारी ती दातखाऊ करकर नाही, कुरकुर नाही. नुसता मऊ, लोण्यात सुरी गेल्यासारखा आवाज. वाटेत मामानं तीनदा कबूल केलं की बायकांना अक्कल असते. हिरवीकंच खाचरं, इरली पांघरून वाकलेली माणसं, जांभ्याच्या गडग्यांवरून ओघळणारं लाल पाणी... सगळं कसं धुतलेलं, आणि बाबा चक्क गुणगुणत होते.

तिन्हीसांजेला चिपळूण आलं. आक्काचं सासर बाजाराच्या पलीकडं होतं. आम्हाला बघून आक्का अंथरुणातूनच म्हणाली,

"काय गो बाय, एवढी लांब आलीस ती हात हलवत? काजू तरी आणायचे."

"तुला न्यायला मोटार आणली ती काय थोडी झाली?" मी म्हटलं. मग तेलाचं सगळं स्वयंवर तिला सांगितलं, मांजरांसकट. मांजरं अर्थातच वाढवून.

आक्का हसली. तिचं कपाळ तव्यासारखं तापलं होतं. "म्हणजे आईनं माझ्या टाचांचं तेल मोटारीला दिलं? मग मी काय लावू?"

लगेच निघायचं होतं. पण तिन्हीसांजेला बाळंतिणीला उंबरा ओलांडू देत नाहीत. आक्काची सासू हात जोडून उभी राहिली, "व्याही, एवढी वेळ टळू दे. उजाडता उजाडता न्या. माझीही ती लेकच हाय." बाबांनी नाही म्हटलं नाही. आमच्या घरीही कुणी त्या वेळी बाळंतीण बाहेर काढली नसती. मोटार फणसाखाली उभी केली. रात्रभर पाऊस कोसळला, आणि थंड वारा सुटला.

पहाटे सगळी तयारी झाली. आक्काला शालीत गुंडाळून ओटीवर आणून बसवलं. बाबांनी दांडा फिरवला, इंजिन लागलं. गिअरच्या दांडीला हात घातला... दांडी हलली नाही. दोन्ही हातांनी ओढली. मामा आला, आक्काचा नवरा आला, शेजारचा एक पैलवान आला. कातळात रोवलेल्या खांबासारखी दांडी उभी. क्लचवरचा पाय काढला की इंजिन धापकन बंद पडे. बाबांनी पायाखालची फळी उचलली, पेटीचं झाकण काढलं.

आत पांढरी शिळा होती. तुपात माशा अडकाव्यात तशी ती सगळी चाकं कोकमतेलात थिजून बसली होती. घरून ओतलं ते गरम, वाटभर चाकांच्या रगड्यानं ते गरमच राहिलं. आणि रात्रीच्या गारठ्यात, उभ्या मोटारीत, जे त्याला ठाऊक होतं ते त्यानं केलं. माजघरातल्या टोपलीत ते दुसरं काय करत होतं?

विस्तव पेटवावा, तर शेजारी पेट्रोल. मग न्हाणीतलं पाणी आलं. बाळंतिणीच्या आंघोळीसाठी हंडा तापलेला असतोच. तो उपसून पेटीवर ओतला, पोती भिजवून गुंडाळली, परत ओतला. कडेचं विरघळे, मधलं हूं की चूं करीना. वरून पाऊस लगेच सगळं निववी. बाबा आता ओरडत नव्हते. मला तेच चमत्कारिक वाटलं, पोती पिळताना ते अगदी हलक्या आवाजात, "घाल अजून... घाल," एवढंच म्हणत होते. ओटीवरून आक्कानं विचारलं, "झालं का हो बाबा?" आणि बाबा म्हणाले, "होतंच आलं."

गिअर पडला तेव्हा उन्हं असती तर डोक्यावर आली असती. आणि त्याच सुमाराला एक माणूस धावत सांगत आला की वाशिष्ठी चढली, बाजारात पाणी शिरलं. बाबांनी तरीही मोटार काढली. बाजाराच्या तोंडाशी गेलो तर रस्ताच नव्हता. गढूळ, लाल, सावकाश सरकणारं पाणी, आणि त्यावर तरंगत चाललेला कुणाचा तरी पाट. होडी मिळेना, मिळती तरी पुढं काय? आम्ही परत फिरलो. पेटी लोण्यासारखी चालत होती.

संध्याकाळी आक्का गेली.

आता इथं मला एखादी थाप मारता यायला हवी. माझं सगळं आयुष्य थापांत गेलं, पुरात वाघ पोहताना पाहिल्याचं मी शपथेवर सांगू शकते. पण त्या संध्याकाळचं मला फुगवता येत नाही, कारण फुगवायला हाताशी काही लागतच नाही. बाळ माझ्या मांडीवर झोपलं होतं. कुणी घ्यायला आलं नाही म्हणून मी तशीच बसून राहिले. मांडीला मुंग्या आल्या, मग मांडी बधिर झाली, मग ती मांडी माझी आहे असं वाटेना. शेपाचा धूर, ओल्या पोत्यांचा वास, आणि पागोळ्यांचा तो न थांबणारा आवाज... एवढंच आहे. इतक्या वर्षांत त्यात एकाही गोष्टीची भर पडली नाही.

पाणी ओसरल्यावर आम्ही आलो. बाळ तिथंच राहिलं. आईनं शेकलेल्या खोलीच्या दारातून विचारलं तेव्हा बाबा म्हणाले, "पाणी आलं." तिनं मामाकडं बघितलं. मामा, ज्याच्या तोंडी कधी सरळ गोष्ट नसायची आणि ज्याचं मोरीचं तेल खरं ठरलं होतं, तोही म्हणाला, "पाणी आलं, गो." मला कुणी काही शिकवलं नव्हतं. मीही तेच सांगितलं.

नारळी पौर्णिमा झाली. मामा पूर्णगडला गेला. पहिल्या आगबोटीनं तेलाचा डबा आला आणि बाबांनी तो मांडवाखाली ठेवला. मग ते न्हाणीशी जाऊन हंड्यातलं कढत पाणी मागू लागले.

"कशाला?" आईनं विचारलं.

बाबांनी बादली उचलून नेली. आई मागोमाग बाहेर आली. बाबांनी पेटीवर पाणी ओतलं, खालचा खिळा सोडला, लाकडाच्या काटकीनं आत खरवडलं, आणि पातेल्यात एकेक ढेकूळ पडू लागलं – पांढरं, मध्ये लोखंडाच्या काळ्या रेघा असलेलं, टणक. पडताना त्याचा आवाज होत होता. आईनं वाकून त्यातलं एक उचललं. बोटानं दाबून पाहिलं. दबलं नाही. तिनं ते परत पातेल्यात ठेवलं, आणि पदराला हात पुसत ती तिथंच उभी राहिली. बाबांनी वर बघितलं नाही. त्यांनी पेटी रॉकेलनं धुतली, जुन्या धोतराच्या फडक्यानं दातान् दाता पुसला, खिळा आवळला, आणि ते मुंबईचं काळं-हिरवं, सुरेख तेल सावकाश, एक थेंब न सांडता, आत ओतलं. झाकण लावलं. फळी बसवली. गिअरची दांडी पुढं-मागं करून पाहिली. ती मऊ हलली.

आई म्हणाली, "कुठं जायचंय मोटारीला?"

"कुठं नाय," बाबा म्हणाले.