लाल सहीच्या वह्या

हनुमंत गुरुजी भित्रे होते, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. नाव हनुमंत, पण शाळेत तपासणीला साहेब आला की खडू हातातच मोडायचा. कंडक्टर सुट्ट्या पैशांवरून खेकसला तरी यांचा जीव अर्धा. त्यांची बायको आक्काबाई म्हणायची, "अवं, तुमच्यापरीस आपली कोंबडी धीट!"

असा माणूस, आणि छंद कसला, तर पहिल्या तीनशे वर्षांतल्या ख्रिस्ती लोकांनी काय लिहून ठेवलं ते वाचायचा! निमगाव सावाजवळच्या त्या वाडीत हे ऐकून कुणालाही वाटावं, गुरुजींचं डोकं फिरलं. पण त्याला कारण होतं. छप्पन सालानंतर लगेचच त्यांच्या वडिलांनी बौद्ध धम्म घेतला, तेव्हा गुरुजी बारा-तेरा वर्षांचे. जुने देव नदीला सोडून वडील घरी आले आणि दिवसभर ओट्यावर गप्प बसून राहिले. त्यांच्या मनात काय चाललं होतं, ते कुणी लिहून ठेवलं नाही. त्यांना स्वतःला लिहिता येत नव्हतं. पुढे तळेघरला नोकरीवर असताना गुरुजींना एका फाटक्या इंग्रजी पुस्तकातून कळलं, की रोमच्या राज्यात नवा धर्म घेतलेल्या साध्या माणसांनी एकमेकांना पत्रं लिहिली, तुरुंगातल्या हकिकती लिहिल्या, आणि त्या लिखाणानं पुढे अर्ध्या जगाला वळण लावलं. झालं! तेव्हापासून पुण्याच्या रद्दीवाल्याकडची पुस्तकं, मांडीवर शब्दकोश, आणि वर्षाला एक वही. एकोणीस वर्षं, एकोणीस वह्या.

संध्याकाळी आक्काबाई शेंगा फोडायला बसली की गुरुजी तिला वाचून दाखवायचे. तिला अक्षरओळख नव्हती, पण कान तिखट. पहिल्या वहीतल्या गोष्टी तर ती पुन्हा पुन्हा वाचायला लावायची.

नव्याण्णव साली एका पार्सलानं घात केला. पोस्टात कागद फाटला आणि आतल्या पुस्तकावरचा क्रूस चार जणांनी पाहिला. सोमवारी बेल्ह्याच्या बाजारात बैलांच्या आधी बातमी पोचली. गुरुजी बाटला, वह्याच्या वह्या भरून तेच लिहितो, आता पोरांनाही बाटवणार! इकडे गाव असं बोलतंय, तर तिकडे स्वतःच्या वस्तीत चुलतभावानं जयभीम घालणं बंद केलं. "बाबासाहेबांनी दिलेलं सोडून कुठं निघालास रं?" इकडं आड, तिकडं विहीर. दारावरून मोटारसायकल गेली तरी गुरुजी कडी लावायला उठायचे. जेवण जाईना. मी कुठंच निघालेलो नाही, मी फक्त वाचतोय, एवढं वाक्य त्यांना कुणापुढे बोलता येईना.

गुरुवारी शाळा समितीचे अध्यक्ष गेणभाऊ आले. चहासुद्धा घेतला नाही. "गुरुजी, मला तुमचं वाकडं करायचं न्हाई. पण गावातली तरणी पोरं लई तापल्यात. घरावर धोंडे आले तर मी कुणाकुणाला आवरू? त्या वह्या उद्या दुपारच्याला चावडीम्होरं आणा, जाळून टाकू. न्हाईतर मग माझ्याकडं येऊ नका."

"देतो," गुरुजी म्हणाले. हुज्जत नाही, काही नाही. गेणभाऊंनाच चुकल्यासारखं झालं.

मग गुरुजींनी पेटीतून वह्या काढल्या, पोत्यात भरल्या आणि सुतळी बांधता बांधता रडायला लागले.

"अवं, एकोणीस वरसं हायेत ती," आक्काबाई म्हणाली.

"घर पेटवतील गं. नोकरी जाईल. मला भीती वाटते. फार भीती वाटते."

तिनं पोतं ओढून कोपऱ्यात ठेवलं. सकाळी ती एवढंच म्हणाली, "तुमी शाळंला जावा. पोतं मी आणते."

दुपारी ती डोक्यावर पोतं घेऊन चावडीपुढे आली. गुरुजी शाळेतून तसेच तिथं गेले. गेणभाऊंनी वरची वही उघडली. रोम, ख्रिस्ती, तुरुंग, असे दोन-चार शब्द मोठ्यानं वाचले, म्हणाले, "हीच," आणि सगळं पोतं पेटत्या पाचटावर उपडं केलं.

एक पान उलगडलं. गुरुजींना त्यावर लाल शाईतली सही दिसली. मुख्याध्यापकांची सही! उद्या वर्गात काय शिकवायचं, हे मास्तरानं आदल्या दिवशी टाचणवहीत लिहायचं आणि मुख्याध्यापकांनी लाल सही करायची, ही शाळेची रीत. घरच्या माळ्यावर पडलेल्या त्यांच्या जुन्या टाचणवह्या जळत होत्या. कुणी पाहिलं तर? फसवलं म्हणून आज जिवंत सोडणार नाहीत! त्यापेक्षा आपणच सांगून टाकावं. त्यांनी तोंड उघडलंसुद्धा. "गेणभाऊ..."

आक्काबाईनं त्यांचं मनगट असं आवळलं की बांगडी रुतली. दुसऱ्या हातातल्या काठीनं तिनं ते पान जाळात ढकललं.

"काय गुरुजी?"

"काही नाही. धूर लागला डोळ्यांना."

घरी आल्यावर त्यांनी दार लावून घेतलं. "कुठायत?"

"बाजरीच्या कोठीत. तुमच्या टाचणावर लाल सही असती, तेवढं मला कळतं."

"पण हे तुला सुचलं कसं?"

"घ्या! तुमीच तर वाचून दावलंत. रोमच्या राजाचं शिपाई ख्रिस्ती लोकांच्या पोथ्या जाळाया आलं, तवा त्या पाद्रीबाबानं आपल्या पोथ्या दडवल्या आन् वैद्यकीच्या पोथ्या हातात दिल्या. इसरलात?" मग ती हळू आवाजात म्हणाली, "गेणभाऊला वाचाया येतं, म्हून एक खरी वर ठिवावी लागली. पयली गेली."

ती गोष्ट त्या पहिल्या वहीतच होती.

पुढची तीन वर्षं अठरा वह्या बाजरीतच राहिल्या. कोठीत हात घालतानाही गुरुजींना धडकी भरायची. दोन हजार दोनमध्ये निवृत्त झाल्यावर एका दुपारी त्यांनी दार लावलं आणि कोऱ्या वहीवर आकडा घातला, एक. आक्काबाई शेंगा फोडत सांगू लागली, ते लिहू लागले. तिला सगळं आठवत होतं. पोथ्यांच्या गोष्टीपाशी त्यांचा पेन थांबला.

"त्या माणसाचं नाव काय लिहिलं होतं मी?"

"नाव ध्यानात न्हाई. लई भ्याला व्हता, येवढं तुमी वाचलं व्हतं."

गुरुजींनी मान खाली घातली. त्यांना स्वतःची लाज वाटली.

"लिवा की," ती म्हणाली. "भ्यालेल्या माणसाच्या घरात बी कुणीतरी असंलच. ती पोथी बदलून देणारी कोण व्हती, ते मातुर कुणी लिवलं न्हाई."

गुरुजी उठले, दाराची कडी नीट लागलीय ना ते पाहून आले, आणि त्यांनी तेही लिहिलं.