अकराव्या ओळीतली तिसरी गाठ

शहात्तर साली, मी शिकवत होतो त्या कळमनुरीच्या शाळेच्या संमेलनाला गालिच्यांचे कारखानदार पुनमचंदशेठनी पाहुण्यांसाठी आपला गालिचा पाठवला होता. एक बाई त्याच्या कडेला, भुईवरच बसली आणि तिनं हळूच कोपरा उलटून मागची बाजू पाहिली. शेठचे मुनीम खेकसले, तशी म्हणाली, "मळवीत न्हाई, दादा. माझंच इणकाम पाहून राहिले."

जनकाबाईला मी पहिल्यांदा पाहिलं ते तेव्हा.

शेठच्या कारखान्यात ती सहा वर्षं विणत होती. तिथला एक गालिचा मुंबईत ज्या भावानं जाई, त्यात तिच्या वस्तीतली चार घरं उभी राहिली असती. तयार गालिच्यावर पाय ठेवायची मात्र विणणाऱ्या बायकांना मनाई होती.

पुढच्याच महिन्यात हिंगोलीला सरकारी गालिचा केंद्र निघालं. शिकवायला पगारी कारागीर हवा होता. जनकाबाईनं माझ्याकडून अर्ज लिहून घेतला. शेठना तिथं भाचा बसवायचा होता. नक्षीचा नकाशा वाचता न येणारी बाई काय शिकवणार, असं त्यांनी केंद्राच्या साहेबांच्या कानावर घातलं.

साहेबांनी परीक्षा शेठच्या कारखान्यातच ठेवली. जनकाबाईनं एका फुलाचे रंग तोंडपाठ सांगायचे, मागावरच्या बायकांनी तशा गाठी मारायच्या. नकाशा माझ्या हातात. एक चौकट म्हणजे एक गाठ.

ती मागाकडे पाठ करून उभी राहिली. "दोन काळ्या, एक लाल, पाच पांढऱ्या..." बायकांची बोटं दिसेनाशी झाली. दहा ओळी बरोबर! अकराव्या ओळीला ती म्हणाली, "तीन लाल."

कागदावर दोनच होत्या. खोटं बोलावंसं वाटलं, पण कागदावर दोनच आहेत, असं सांगितलं.

"झालं. चला साहेब, चहा घ्या," शेठ म्हणाले.

जनकाबाई जागची हलली नाही. "कागद चुकला, गुरुजी. दोन मारल्या की फूल कलतंय. आमी पहिल्यापासून तीनच मारून राहिलो. उलटून पाहा की."

साहेबांनी स्वतः वाकून तयार गालिचा उलटला. गाठी मोजल्या. मीही मोजल्या, दोनदा. प्रत्येक फुलाच्या अकराव्या ओळीत तीन लाल.

हे माहीत होतं का, असं त्यांनी शेठना विचारलं. मागावरची पद्माबाई पदराआडून म्हणाली, "त्यायला कसं म्हाईत? ते वरून चालत्यात."

साहेबांनी उभ्या उभ्याच अर्जावर सही केली.

जनकाबाईनं त्या केंद्रात बावीस वर्षं शिकवलं. आता ती वसमतला लेकीकडे राहते. गुडघे दुखतात म्हणून भुईवर नाही, खुर्चीवर बसते.