पूर्ण वेग

कमलिनीबाई धारपांचं तोंड फटकळ. शेजारणीचा ढोकळा बसला तर ‘बसलाय हो’ असं तोंडावर सांगणार. पिपलानीच्या कॉलनीत कुणी त्यांच्याकडून खोट्या कौतुकाची आशाच ठेवत नसे. अशा बाईने नवऱ्याला फसवायचं ठरवलं, म्हणजे बघा!

अनंतरावांनी कारखान्यात चौतीस वर्षं मोटरी तपासल्या. मुलगी स्वरदा शाळेत असताना तिच्यासाठी त्यांनी हातात धरून खेळायचा एक गेम आणला होता. वरून ठोकळे पडतात, ते रचायचे. पोरीच्या हाती तो कधी लागलाच नाही. रोज संध्याकाळी नवरा-बायकोच त्यावर हमरीतुमरीवर यायचे. गेल्या वर्षी अर्धांगाने अनंतरावांचा उजवा हात गेला. त्यांनी गेम कपाटात टाकला आणि बोलणंही जवळपास सोडलं. कमलिनीबाईंचा जीव त्यानेच तुटायचा.

स्वरदा आता मंडीदीपला इंजिनीअर आहे. एका रविवारी ती आपला नवा, हातात मावणारा गेम-कन्सोल घेऊन आली. कंपनीचं सॉफ्टवेअर बाजूला सारून तिने त्यात हौशी लोकांनी बनवलेलं फर्मवेअर घातलं होतं. जुना गेम त्यावर चालू लागला आणि सगळी बटणं तिने डाव्या हाताखाली आणली. खेळाचा वेगही बदलता येतो, हे तिने आईला सहज दाखवलं. झालं! कन्सोल आईबाबांकडे ठेवून लेक गेली आणि तिची पाठ वळताच आईने वेग तीस टक्के उतरवला.

अनंतराव खेळले. चार दिवस जिंकले, जेवताना दोन शब्द बोललेही. कमलिनीबाई मनातून हरखून गेल्या. पाचव्या दिवशी अनंतरावांनी खेळता खेळता कन्सोल कानाशी धरला.

“आवाज जड येतोय,” ते म्हणाले.

बॅटरी उतरली असेल, अशी थाप बाईंनी मारली. अहो, मोटरीच्या नुसत्या आवाजावरून खोट काढणाऱ्या माणसाला हे सांगायचं? ते बघतच राहिले. बाईंना मेल्याहून मेल्यासारखं झालं. वेग आपणच कमी केल्याचं त्यांनी कबूल केलं.

“हरलात तर परत कपाटात टाकाल, असं वाटलं हो मला.”

अनंतरावांनी कन्सोल त्यांच्यापुढे सरकवला.

“हरेन,” ते म्हणाले. “तू वेग पूर्ण लाव.”

बाईंनी लावला. ठोकळे धबाधब कोसळले, डावा अंगठा चाचपडला आणि मिनिटभरात सगळं पडद्याच्या वरच्या कडेला भिडलं, डाव संपला. अनंतरावांनी दात-ओठ खाल्ले, त्या मेल्या लांब ठोकळ्याला सणसणीत शिवी हासडली. वर्षभरात या माणसाला राग असा आलाच नव्हता. बाईंचे डोळे भरून आले.

“बघत काय बसलीस?” ते खेकसले. “पुन्हा लाव.”