चौथ्या हुकाची खोली

दुसरं महायुद्ध कशासाठी झालं यावर विद्वानांनी खुशाल वाद घालावेत. ते एका बोटीची सोय व्हावी म्हणून झालं, याबद्दल आमच्या आतोबांना तिळमात्र शंका नव्हती. आतोबा म्हणजे आत्याचे यजमान. औंढ्याच्या शेतातून उठून पलटणीत गेले, फौजेच्या बोटीतून बसऱ्याला पोचले आणि परत आले. लढाईविषयी विचारलं तर "झाली" एवढंच सांगत. बोटीविषयी विचारावं लागत नसे. एका लग्नात त्यांनी नवऱ्यामुलाच्या वडिलांना गाठलं. अक्षता पडल्या, पंगत उठली, वऱ्हाडाच्या गाड्या जुंपल्या, तरी यांची बोट मुंबईच्या बंदरातच कोळसा भरत होती. वलवणच्या घरात मांडणीच्या प्रत्येक फळीला त्यांनी पुढून पट्टी ठोकली होती, लाटेनं भांडी घरंगळू नयेत म्हणून. वलवणला धरण आहे हे खरं, पण त्याच्या लाटा आत्याच्या मांडणीपर्यंत आल्याचं ऐकिवात नाही.

लढाई संपल्यावर त्या बोटीचा करडा रंग खरवडून पांढरा दिला, आत खोल्या पाडल्या, आरसे लावले आणि ती मुंबईहून आफ्रिकेला उतारू नेऊ लागली. मुलगी चांगल्या घरी पडावी तशा आनंदानं आतोबांनी ही बातमी गावभर केली. मला म्हणाले, "मास्तर, जितं आमी ओकाऱ्या काढत व्हतो, तितं आता सायबलोक नाचत्यात!"

बोटीत त्यांची झोपायची झोळी जिन्यापासून चौथ्या हुकाला टांगलेली असे. त्या जागी आता खोली झाली असणार, आणि आत्याला घेऊन जायचं ते त्याच खोलीतून, असा त्यांचा हट्ट. आफ्रिकेत काय काम आहे, असं मी एकदा विचारलं. "उतरायचंय कुणाला? जायाचं नि यायाचं." कंपनीला पत्रं लिहिण्याचं काम माझ्याकडे, कारण मी लोणावळ्यात मुलांना इंग्रजी शिकवतो असा शाळेचा समज होता. उत्तरं मोठी सभ्य येत: असा हूक आमच्या नकाशात नाही, दुसरी कोणतीही खोली देऊ. आतोबा बाणेदारपणे नकार कळवत. आत्यानं प्रवासासाठी एक नवं लुगडं ट्रंकेत ठेवलं होतं. दर उन्हाळ्यात ती त्याला ऊन दाखवी आणि पुन्हा घडी करून आत ठेवी. अशी कितीतरी वर्षं गेली.

मग एक पत्र आलं. बोट भंगारात निघाली होती. मी ते वाचून दाखवलं, आणि आपलं इंग्रजी कच्चं असावं असं जन्मात पहिल्यांदा मला मनापासून वाटलं. आतोबांनी कागद माझ्याकडून घेऊन त्याची घडी घातली. मग आत्याला म्हणाले, "दुसरी खोली घ्याया पायजे व्हती गं."

त्यानंतर ते बोटीचं नाव काढेनात. जी बडबड आम्ही सगळे टाळत होतो, ती थांबल्यावर घर खायला उठलं. महिना-दोन महिन्यांनी एका रविवारी सकाळी मी गेलो, तर ओट्यावर आत्या दूधवाल्या मावशींना बोट सांगत होती आणि आतोबा पाठ करून धरणाकडे बघत बसले होते.

"लय मोटी बोट," आत्या म्हणाली, "आन वर एकच धुराडं."

आतोबा हलले नाहीत. आत्यानं आवाज चढवला. "एकच धुराडं व्हतं, मावशी!"

"दोन," आतोबा पुटपुटले. "दोन व्हती."

"मग तुमीच सांगा की," आत्या म्हणाली. "मी कुटं बसलेय त्या बोटीत?"

आतोबा वळून तिच्याकडे बघत राहिले. मग तिच्याजवळ सरकून बसले आणि अगदी पहिल्यापासून सांगू लागले. त्या दिवशी मीही शेवटपर्यंत बसलो.