एका हाताचं चीवर

लोणावळ्यात मी शिवणाचे क्लास घेते. त्यामुळे जुनं कापड दिसलं की माझी नजर आधी शिवणीवर जाते. मागे मुंबईच्या एका संग्रहालयात वाळवंटात सापडलेले बौद्ध भिक्खूंच्या चीवरांचे तुकडे पाहिले. आपल्याकडच्या दमट हवेत असलं काही टिकत नाही. आमच्या जवळच्या भाजे लेण्यांत भिक्खूंचे झोपायचे दगडी ओटे आहेत, त्यांवरची पांघरुणं कधीच गेली.

त्या तुकड्यांवर दिव्याच्या तेलाचे डाग होते. गुडघ्याशी झिजलेल्या जागी ठिगळ, ठिगळावर पुन्हा ठिगळ. पण मी थबकले ते टाक्यांपाशी. एक शिवण बारीक, नेटकी, शेजारची सैल, तिसरी तिरकी. तीन माणसं एकाच कापडाभोवती बसली होती, एवढं मला कुणी सांगायची गरज नव्हती.

म्हणून यंदा विहारातल्या बायकांना मी म्हटलं, पावसाळा संपल्यावर भिक्खूंना चीवरदान करतो, त्याला विकतचं नको, आपण शिवू. जुन्या रीतीप्रमाणे एका दिवसात, हाताने, माझ्या घरी. सगळ्या हो म्हणाल्या. भन्तेजींनाही आवडलं. मशीनवर ते काम माझं एकटीचं दुपारच्या आत झालं असतं. पण नवरा गेल्यापासून माझ्या घरात क्लासच्या मुलींशिवाय कुणी बसत नाही. बायकांनी दिवसभर यावं, म्हणून हातशिलाईचा हट्ट.

आदल्या दिवशी हॉलमधला सोफा हलवला, सतरंजी घातली. सकाळी मोठ्या पातेल्यात पोहे केले. मग फोन सुरू झाले.

"ताई, भात कापायला मानसं आजच मिळाली."

"रविवार हाय ना ताई, लेण्यांपाशी स्टॉलवर लय गर्दी. आनि तुमाला काय, मशीन हाय. एकटीनं बी शिवून काढाल!"

आली ती फक्त टाकवे गावची मावशी. दारातच चपला काढत म्हणाली, "बाकीच्या कुटं हायेत?"

"येतील."

तिने पातेल्यात डोकावून पाहिलं. "एवढं पोहं? लगीन हाय का कुनाचं?"

मी चीवरासाठी कापलेल्या पट्ट्या मांडल्या. लहानमोठे चौकोन, मधून दुमडलेल्या शिवणी. मावशी बघत राहिली. "हे तर आमच्या खाचरावानी दिसतंय. ह्यो बघ बांध."

"भातशेती बघूनच तसं आखतात, मावशी. जुनी पद्धत आहे."

"मंग बांध घालाया मला कशाला शिकवती? दे सुई."

सुई मीच ओवून दिली, तिला दिसत नव्हतं. तिने एक शिवण घातली. टाके लांब, मधेच चढलेले. क्लासमधल्या मुलीने असं शिवलं असतं तर मी जागेवर उसवायला लावलं असतं. बोलायचं म्हणून तिने सुनेची तक्रार केली, मग सुनेचं कौतुक केलं, मग जरा आडवी झाली. उन्हं कलायच्या आत तिला एसटी गाठायची होती. जाताना म्हणाली, "पुढल्या साली समद्या येतील बग." मी तिला पोह्यांचा डबा दिला.

उरलेल्या शिवणी मी घालत राहिले. मग एका शिवणीला मी टाका मुद्दाम ढिला सोडला. पुढचा तिरका घातला. त्यापुढचा लांब. हात बदलल्यासारखा. मला ते उत्तम जमतं. मुलींच्या चुका करून दाखवायची सवय आहे. वीतभर शिवण झाली आणि दुरून पाहिली. हुबेहूब तिसरीच कुणी बाई बसून गेल्यासारखी.

दिवेलागणीला दिवा लावला आणि ती वीतभर शिवण उसवली. माझ्या नेहमीच्या टाक्याने पुन्हा घातली. चीवर पुरं झालं, इस्त्री केली, घडी घातली. सोफा जागेवर ढकलला.

उद्या विहारात सगळ्या ते हातात घेतील, छान झालंय म्हणतील. नीट पाहिलं तर त्यांनाही दिसेल. एक शिवण वाकडी आहे. बाकी सगळ्या एकीच्याच आहेत.