मतपेटी मॅडमच्या हातात नव्हती

माझ्यावर सर्वांत जास्त उपकार आहेत ते दौंडच्या माझ्या मामांचे. मी बारावी झालो तेव्हा कवठे येमाईच्या आमच्या घरात त्यापुढं कुणीच शिकलेलं नव्हतं. मामा रेल्वेत गँगमन होते. त्यांनी मला आपल्या दोन खोल्यांत ठेवून घेतलं आणि पदवीधर केलं.

त्याच वर्षांत रेल्वेत युनियनच्या मान्यतेसाठी गुप्त मतदान झालं. मामा दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून निघाले. मी विचारलं, "मत कुणाला देणार?"

"ते तुझ्या मामीलाबी सांगत न्हाई," ते म्हणाले.

ते माझ्या मनात पक्कं बसलं. पुढं मी रांजणगावच्या एका कंपनीत लागलो. तिथली मान्यताप्राप्त युनियन साहेबांच्या मर्जीतली. पगाराचा नवा करार जवळ आला होता आणि तो करायचा हक्क तिलाच होता. म्हणून आम्ही नवी युनियन नोंदवली. आता कामगार खात्याचे अधिकारी येऊन मतदान घेतील, असं मीच सगळ्यांना छातीठोकपणे सांगितलं. मग काय, सोसायटीच्या निवडणुकांत मुरलेली माणसं ती! देवळात नारळ फुटला, किटली हे चिन्ह ठरलं, शिरूरला कंपनीच्या बसची वाट बघता बघता प्रचारही सुरू झाला.

पुण्याच्या कामगार कार्यालयात मी आणि कंपनीतले सर्वांत जुने ऑपरेटर आप्पा गेलो.

"मॅडम, तुम्ही फक्त तारीख द्या," आप्पा म्हणाले. "पेट्या आम्ही आणतो."

अधिकारी बाई हसल्या. "कंपनी आणि जुनी युनियन लेखी तयार असतील तर आजच देते. आहेत का?"

"त्या कशाला तयार हुतील?"

"मग मतदानाची सक्ती करायचा अधिकार मला नाही. मी घेतलंच, तरी त्यांचा वकील ते कोर्टात रद्द करून आणेल. मान्यता औद्योगिक न्यायालय देतं, आणि तिथं सभासद मोजतात. सहा महिने वर्गणी भरलेले, पावतीवर नाव असलेले."

"म्हंजी तुम्हाला आमचं पटतंय, पन करता काय येत न्हाई?"

"मला काय पटतं, त्यावर अधिकार ठरत नाही, आप्पा."

मला मॅडमचा राग आला नाही. त्यांनी ओढूनताणून मतदान घेतलं असतं, तर तीच वाट उद्या कंपनीच्या सोयीच्या अधिकाऱ्यालाही मोकळी झाली असती.

खरी अडचण कंपनीच्या गेटवर वर्गणीच्या पावत्या फाडताना आली. "पेटीत किटलीलाच टाकू की," लोक म्हणायचे, "पन पावती नको. नाव साहेबाकडं जातंय."

"व्हय, पेटीपाशी समदे वाघ!" आप्पा ओरडले. "आन् पावती म्हटलं की लगीच मांजर!"

लोक हसले, पण हात कुणी पुढं केला नाही. भीती मलाही होतीच. आमच्या घरातली ही पहिली कायम नोकरी. तरी मी पहिली पावती माझ्याच नावानं फाडली आणि सरचिटणीस म्हणून सही केली. दुसरी आप्पांची.

मामांना हल्ली फोनवर नीट ऐकू येत नाही. म्हणून त्या रविवारी पत्र लिहिलं:

"मामा, तुम्हाला आणि मामीला नमस्कार.

तुमच्याकडे झालं तसं मतदान आमच्याकडे होणार नाही. इथं नाव उघड करावं लागतं. मी केलं आहे. परवा साहेबांनी बोलावून विचारलं, 'तू शिकलेला मुलगा, तू कशाला यात?' मी म्हणालो, शिकलोय म्हणूनच. कदाचित माझी लांब कुठंतरी बदली करतील. केली तरी सभासदत्व सोडणार नाही आणि कोर्टातला अर्जही मीच करणार. घरी अजून सांगितलेलं नाही. तुम्ही कवठ्याला जाल तेव्हा वडिलांना तुम्ही सांगा. मी सांगितलं तर ते घाबरतील, तुमचं ऐकतील. सहा महिने दौंडला येणं जमणार नाही. सुट्टीच्या दिवशी आम्ही एकेका सभासदाच्या घरी जातोय. आज चार घरं झाली. दोघांनी पावती घेतली."