विनूच्या शोकसभेतला माईक

त्या फोटोत मी रडत नाहीये. मी हसते आहे.

रविवारच्या शोकसभेपासून तो फोटो आपल्या मंडळाच्या ग्रुपवर फिरतोय. मी तोंडावर पदर धरलेला, शेजारी आमच्या भागातले पुढारी, सगळ्यांचे नेताजी, त्यांचा हात माझ्या डोक्यावर. खाली लिहिलंय, 'शोकाकुल बहन को ढाढ़स बँधाते हुए', म्हणजे बहिणीला धीर देताना.

मी त्यांच्याहून वयाने मोठी आहे. डोक्यावर हात कसला ठेवता?

तुमच्यापैकी कितीतरी जणांनी त्याखाली हात जोडलेत. म्हणून आज, विनूच्या तेराव्याला, खरं काय ते लिहिते.

विनू म्हणजे माझा धाकटा भाऊ विनायक. छावनीतल्या मुलांना गणित शिकवायचा आणि गणपतीत आपल्या मराठी मंडळाच्या स्टेजवर नेताजींची नक्कल करायचा. बबीन्याच्या लष्करी तळावरून फौजी कुटुंबं खास ती बघायला यायची.

एका वर्षी गल्लीतला ट्रान्सफॉर्मर जळाला. विनूने त्याच्या फोटोला हार घातला आणि नेताजींच्या आवाजात श्रद्धांजली सुरू केली.

"ट्रान्सफॉर्मर जी से हमारे पारिवारिक संबंध थे. अभी परसों ही फ़ोन पर बात हुई."

लोक खुर्च्यांवरून पडायचे बाकी होते.

घरी आल्यावर मात्र तो हसत नव्हता. म्हणाला, "ताई, माझ्या वेळी माईक तुझ्याकडे ठेव. त्यांना देऊ नकोस. तेव्हा मला उत्तर देता येणार नाही."

मी म्हटलं, "गप रे. आधी मी जाणार आहे."

रविवारी माईक माझ्याकडेच होता.

नेताजी न बोलावता आले. सोबत दहा माणसं आणि फोटोग्राफर. अख्खा हॉल उठून उभा राहिला.

आणि मी, जी भाजीवाल्यापासून बँक मॅनेजरपर्यंत कुणालाही सोडत नाही, ती "आइए भाईसाहब" म्हणाले आणि माईक त्यांच्या हातात दिला.

कॉन्व्हेंटच्या सिस्टर्सनी मॅनर्स घोटून घेतले होते, असं मी घरी सांगितलं. ते खोटं आहे. मोठा माणूस आपल्या दारात आला, याचं मला आतून बरं वाटलं होतं.

ते म्हणाले, "विलास जी से हमारे पारिवारिक संबंध थे."

विलास!

मग म्हणाले, "अभी परसों ही फ़ोन पर बात हुई."

पॅरालिसिसनंतर विनूची वाचा गेली होती. शेवटचे कित्येक महिने तो पाणीसुद्धा खुणेनेच मागायचा.

मी पदर तोंडात कोंबला. मागे कुणीतरी खोकल्याचं नाटक करत होतं. तेवढ्यात डोक्यावर हात आला आणि फ्लॅश उडाला.

इथवर असतं तर विनूलाही मजा वाटली असती.

पण मग त्यांनी घोषणा केली. मंडळाच्या मागच्या मोकळ्या जागेवर नवा हॉल, त्यांच्या शब्दांत 'हमारे भाई की स्मृति में'. ही तीच जागा, जिचं भूमिपूजन ते प्रत्येक निवडणुकीआधी करतात. विनू म्हणायचा, इतके नारळ फोडलेत तिथे, हॉल राहू दे, निदान चटणी तरी वाटा.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. नेताजींनी माझ्याकडे बघितलं. मी हात जोडून म्हणाले, "बड़ी कृपा है आपकी."

तेव्हा मी हसत नव्हते.

आज भूमिपूजनाची पत्रिका आली. वर विनूचं नाव, सोनेरी अक्षरांत, या वेळी बरोबर. खाली निमंत्रक म्हणून माझं.

मी त्यांच्या ऑफिसात फोन केला, नावं काढा म्हटलं. तिथला माणूस फार गोड बोलला. "दीदी, अब तो छप गया. और आपने ही तो सबके सामने हामी भरी थी."

खरंच आहे. भरली होती.

मी जाणार नाही. मंडळातल्या सगळ्यांना विनंती आहे, तुम्हीही जाऊ नका. पत्रिका मिळाली तर ती माझ्याकडून आलेली नाही असं समजा. पण माझ्यामुळे आलेली आहे, हेही समजा.

विनू, जन्मभर तू त्यांना एकही खोटं सुखाने पचू दिलं नाहीस. सगळ्यात मोठं मी पचू दिलं, तेही तुझ्या नावावर.

नीट जा बाबा. माझ्यावर रागावून गेलास तरी चालेल.